आन्येस वार्दा पहिल्यांदा बघताय? बटाट्यांपासून सुरुवात करा

पीक काढून झाल्यावर रानात मागे राहिलेल्या लोंब्या, कणसं, शेंगा वेचण्याला आपल्याकडे सरवा वेचणं म्हणतात. शहरात वाढलेल्यांना हा शब्द एखाद्या आजीकडूनच कळतो, नाहीतर कळतच नाही. सरवा वेचणाऱ्या बाईला फ्रेंचमध्ये 'ग्लानोझ' म्हणतात. 2000 साली, वयाच्या बहात्तराव्या वर्षी फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दा एक छोटा डिजिटल कॅमेरा घेऊन फ्रान्सभर अशा वेचणाऱ्यांच्या मागे फिरली. त्यातून झालेल्या माहितीपटाचं नाव 'ले ग्लानर ए ला ग्लानोझ', म्हणजे 'सरवा वेचणारे आणि ती वेचणारी'. ती वेचणारी म्हणजे वार्दा स्वतः.

तिची ओळख करून द्यायला लोक यादी वाचतात: छायाचित्रकार, दिग्दर्शक, पटकथाकार, संकलक, निर्माती, गीतकार, निवेदक आणि उतारवयात मांडणशिल्पकार (वस्तू, पडदे दालनात मांडून कलाकृती करणारी). मग 'अष्टपैलू' म्हणून मोकळे होतात. मला तो शब्द तिच्यासाठी नको वाटतो. सगळं यावं म्हणून तिने सगळं केलं, असं त्यातून सुचवलं जातं. प्रत्यक्षात तिची जवळजवळ प्रत्येक भूमिका कुठल्यातरी अडचणीतून आली. पैसे देणारा कोणी नाही, म्हणून निर्माती. घरात तान्हं मूल आहे, म्हणून घरापासून जेमतेम काही पावलांवर माहितीपट. नव्या कामाला हात घातला तरी आधीच्या कामाची सवय तिने कधी टाकली नाही. नव्याने बघणाऱ्याने हीच सवय शोधत जावं. म्हणून पुढचा क्रम सालांप्रमाणे लावलेला नाही.

आधी थोडी तयारी

'ॲग्नेस' नाही, 'आन्येस'. मधल्या 'ग'चा उच्चार फ्रेंच लोक करत नाहीत. इंटरनेटवर शोधताना मात्र रोमन लिपीत तो 'जी' घालावाच लागतो.

शक्य तिथे चित्रपटांची मूळ फ्रेंच नावं लक्षात ठेवा. वार्दाला शब्दांच्या कोट्यांचा भारी नाद होता आणि इंग्रजी नावांत त्या निम्म्याहून अधिक मरतात. 1985 च्या 'सां त्वा नी ल्वा'चं उदाहरण घ्या. फ्रेंचमध्ये 'सां फ्वा नी ल्वा' असा वाक्प्रचार आहे. ज्याला ना श्रद्धा ना कायदा, अशा माणसाबद्दल तो वापरतात. वार्दाने त्यातलं एक अक्षर बदललं आणि 'ना छप्पर ना कायदा' झालं. इंग्रजीत त्याचं नुसतं 'भटकी' उरलं.

बघायचं कुठे? मुबीसारख्या ऑनलाइन चित्रपटसेवांवर तिचे चित्रपट येतात आणि जातात, त्यामुळे आज दिसलेला पुढच्या महिन्यात असेलच असं धरून चालू नका. 2020 मध्ये क्रायटेरियन या अमेरिकन कंपनीने तिच्या 39 चित्रपटांचा ब्लू-रे संच काढला. परदेशातल्या नातेवाइकाला तो आणायला सांगण्याआधी एक तपासा. हा संच अमेरिकेच्या, म्हणजे 'ए' विभागासाठीचा आहे आणि भारत ब्लू-रेच्या 'सी' विभागात येतो. साध्या प्लेअरवर डिस्क चालत नाही. माझ्या एका मित्राकडे असा एक महागडा संच नुसता शोभेला आहे. मुंबई-पुण्यातल्या फ्रेंच संस्थांची ग्रंथालयं आणि फिल्म क्लब हे जुने मार्ग अजून बंद झालेले नाहीत, तिथे विचारून बघायला पैसे पडत नाहीत.

आणि फोनवर बघू नका. निदान पहिले तीन तरी नाही.

पायरी पहिली: बटाटे

'ले ग्लानर...'ची लांबी दीड तासही नाही, तरी घाई नको. सुरुवात एका शब्दकोशातल्या नोंदीने होते, तिथून फ्रेंच चित्रकार मिलेच्या 1857 च्या प्रसिद्ध चित्रावर, वाकून लोंब्या वेचणाऱ्या तीन बायांवर येते. मग वार्दा विचारते: आता कोण वाकतं?

उत्तरं अनपेक्षित आहेत. ठरावीक मापात न बसणारे, फार मोठे, वेडेवाकडे किंवा हिरवट बटाटे ट्रक भरभरून शेतात आणून ओतले जातात आणि माणसं पोती घेऊन ते वेचतात. त्या ढिगात वार्दाला बदामाच्या आकाराचे बटाटे सापडतात. ती ते घरी नेते. हे बटाटे लक्षात ठेवा, पुढे पुन्हा लागतील. एक वकीलसाहेब काळा झगा घालून, हातात लाल दंडसंहिता धरून भाजीच्या शेतात उभे राहतात आणि पीक निघाल्यावर, सूर्योदय ते सूर्यास्त या वेळात सरवा वेचायची मुभा कायद्यात कशी आहे ते सांगतात. या मुभेची मुळं 1554 च्या राजाज्ञेपर्यंत जातात. पॅरिसच्या मंडईत बाजार उठल्यावर पडलेली पार्सली, सफरचंदं तिथेच उभ्याने खाणारा एक माणूस भेटतो. तो उच्चशिक्षित निघतो आणि संध्याकाळी स्थलांतरितांना फुकट फ्रेंच शिकवतो. मला विचाराल तर संपूर्ण चित्रपटाचा कणा तो आहे, वार्दालाही शेवटी तसंच वाटलेलं दिसतं.

आता तिच्या भूमिका वेगळ्या काढून बघा. कॅमेरा काही ठिकाणी तिच्याच हातात आहे. एका हाताने ती दुसऱ्या हाताचं चित्रण करते आणि सुरकुत्या, डाग अगदी जवळून दाखवते. गाडीतून जाताना बोटांचं कडं करून हमरस्त्यावरचे ट्रक त्यात 'पकडते', लहान मुलं खिडकीतून करतात तसं. निवेदन तिचं, संकलनातही तिचा हात. एकदा कॅमेरा बंद करायचा राहिला आणि तो लटकत, जमीन टिपत राहिला. लेन्सचं झाकण दोरीला हिंदकळत होतं. दुसऱ्या कोणीही ते कापून टाकलं असतं. तिने त्याखाली जॅझ लावलं आणि झाकणाचा नाच म्हणून ठेवून दिलं. छायाचित्रकाराकडून झालेली चूक संकलकाने अशी वेचून घेतली, दोघी एकच बाई असल्यामुळे.

कंटाळा आला तर इथेच थांबा. वार्दा प्रत्येकाला आवडावी असा काही नियम नाही. पण झाकणाचा नाच पाहून हसू आलं असेल, तर पुढे चला.

पायरी दुसरी: दीड तास, एक बाई, भरपूर घड्याळं

'क्लेओ द सँक आ सेत', म्हणजे 'पाच ते सातमधली क्लेओ', 1962 चा. एक तरुण गायिका कर्करोगाच्या तपासणीच्या निकालाची वाट बघत पॅरिसमध्ये फिरते. कथा एवढीच. गोष्ट पाच वाजता सुरू होते आणि साडेसहाला संपते, चित्रपटही तेवढाच लांब. नावातल्या सातपर्यंतचा उरलेला अर्धा तास तुमच्याकडे सोपवलेला आहे.

त्यामागचं कारण मजेदार आहे. निर्माते जॉर्ज द बोरगार यांना गोदार या तरुण दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटाने यश दिलं होतं. तसंच स्वस्तातलं, कृष्णधवल काहीतरी त्यांना हवं होतं. वार्दाच्या डोक्यातला चित्रपट मोठा आणि महागडा होता. मग तिने हिशेब केला. एकच शहर आणि एकच दिवस धरला की प्रवास नाही, मुक्काम नाही. तो दिवस 21 जून 1961, वर्षातला सर्वांत मोठा. पैशाच्या काटकसरीतून चित्रपटाचा घाट आला. सगळे समीक्षक ज्याला कालतत्त्वाचा प्रयोग म्हणतात, त्याच्या मुळाशी खर्चाची वही आहे, हे मला फार आवडतं.

बघताना दोन गोष्टी धरून ठेवा. एक, घड्याळं. दुकानांत, रस्त्यांवर ती सारखी दिसत राहतात. दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. पहिल्या अर्ध्या भागात सगळे क्लेओकडे बघतात आणि तीही आरशात स्वतःकडेच बघते. मधोमध ती एक गाणं म्हणते. त्याचे शब्द वार्दाचे, संगीत मिशेल लग्रांचं, आणि पियानोवर बसलेला तरुणही लग्रांच. कॅमेरा हळूहळू जवळ येतो, मागची खोली नाहीशी होऊन काळोख होतो. गाणं संपलं की ती डोक्यावरचा केसांचा टोप काढून फेकते, काळा पोशाख घालून बाहेर पडते, आणि तिथून पुढे ती इतरांकडे बघू लागते. म्हणजे चित्रपटाची बिजागरी आहे ते गाणं, आणि ते दिग्दर्शिकेने स्वतः लिहिलंय.

टॅक्सीतल्या रेडिओवर फ्रान्सच्या अल्जीरियातल्या युद्धाच्या बातम्या येतात. शेवटी बागेत भेटणारा सैनिक त्याच संध्याकाळी परत त्या युद्धावर निघालेला आहे. तिला एका मरणाची भीती, त्याला दुसऱ्या. पहिल्यांदा बघताना हे निसटलं तरी चालेल.

चित्रपटात एक छोटा मूकपट दाखवतात, त्यात काळा चष्मा लावलेला तरुण गोदार आहे. त्यातच तो चष्मा काढतो. गोदारचे डोळे पडद्यावर आणण्याचा मान वार्दाचा.

पायरी तिसरी: मूळ धंदा

आता मागे जाऊ. 1928 मध्ये ब्रसेल्सजवळ इक्सेलला जन्म. वडील ग्रीक, आई फ्रेंच, पाळण्यातलं नाव आर्लेट. अठराव्या वर्षी तिने ते बदलून आन्येस घेतलं. युद्धामुळे 1940 मध्ये कुटुंब दक्षिणेला सेत या बंदरात आलं आणि तिथे नावेवर राहिलं. पुढे पॅरिसला कलेचा इतिहास आणि छायाचित्रण शिकून ती झाँ व्हिलारच्या राष्ट्रीय लोकरंगभूमीची छायाचित्रकार झाली. नाटकांचे आणि आव्हिन्यों नाट्यमहोत्सवाचे फोटो काढणं ही तिची नोकरी होती. चित्रपटाचं कुठलंही शिक्षण नाही, कुणाच्या हाताखाली उमेदवारी नाही. पंचविशीपर्यंत पाहिलेले चित्रपट बोटांवर मोजण्याएवढे, असं ती स्वतःच सांगायची.

फोटो काढणारी बाई चित्रपटाकडे कशी बघते, हे समजायला दोन लघुपट पुरेत. 'साल्यू ले क्यूबँ' (1963) हा अर्ध्या तासाचा लघुपट क्युबात काढलेल्या स्थिर फोटोंचा आहे. एकामागोमाग एक फोटो असे लावलेत की बेनी मोरे हा गायक डोळ्यांसमोर नाचतो. हलतं काहीच नाही, तरी पाय ठेका धरतात.

दुसरा 'युलिस' (1982), फक्त 22 मिनिटं. 1954 मध्ये तिने एका दगडगोट्यांच्या किनाऱ्यावर फोटो काढला होता: पाठमोरा नग्न पुरुष, बसलेला लहान मुलगा आणि मेलेली बकरी. अठ्ठावीस वर्षांनी ती त्या दोघांना शोधून काढते आणि विचारते, त्या दिवसाचं काय आठवतं? मुलगा आता बाप झालाय, त्याला काही म्हणजे काही आठवत नाही. वार्दा फोटो एका बकरीपुढेही धरते. बकरी तो खाते. फोटो म्हणजे पुरावा, या समजुतीला इतकं विनोदी उत्तर मी दुसरीकडे पाहिलेलं नाही. या लघुपटाला सेझार हा फ्रान्सचा चित्रपट-पुरस्कार मिळाला.

मग 'ला प्वांत कूर्त', तिचा पहिला चित्रपट, आणि इथे थोडा संयम लागेल. 1954 च्या उन्हाळ्यात सेतमधल्या कोळ्यांच्या वस्तीत, त्या वस्तीच्याच नावाने. वार्दा 26 वर्षांची. काम करणाऱ्यांना देण्याइतके पैसे नव्हते, म्हणून सगळ्यांनी सहकारी तत्त्वावर वाटेकरी व्हायचं ठरलं. त्यासाठी तिने 'तामारीस' नावाची कंपनी काढली. चित्रीकरणाच्या वेळी आवाज मुद्रित केला नाही, तो नंतर जोडला. संकलनाला दिग्दर्शक आलँ रेने होता. तो काम करता करता म्हणायचा की हे व्हिस्कोन्तीसारखं झालंय, ते आन्तोनिओनीसारखं. ही इटालियन दिग्दर्शक मंडळी कोण, हे बाईंना ठाऊकच नव्हतं. अमेरिकन लेखक फॉकनरच्या एका कादंबरीत दोन गोष्टी एकाआड एक प्रकरणात चालतात. तोच आराखडा तिने घेतला होता: एकीकडे कोळी, त्यांची जाळी, परवान्यांवरून मागे लागलेले निरीक्षक, आणि दुसरीकडे मोडत आलेल्या लग्नाबद्दल बोलत फिरणारं एक जोडपं.

खरं सांगायचं तर जोडप्याचे संवाद मला आजही कोरडे लागतात. फिलिप न्वारे आणि सिल्व्हिया मोंफोर दोघं तिच्या नाटकमंडळीतले, आणि ती दोघं मुद्दाम भाव न आणता बोलतात. पण दोरीवर वाळणारे कपडे, लाकडाचे उभे-आडवे रेषेतले तुकडे, चिंचोळ्या गल्लीतून सरकणारा कॅमेरा बघा. दिग्दर्शक त्रुफोचा पहिला मोठा चित्रपट 1959 चा, गोदारचा 1960 चा. ही त्यांच्या कितीतरी आधी, शहराबाहेर, उधारीवर. या तरुण मंडळींनी फ्रेंच चित्रपटात आणलेल्या बदलाला 'नवी लाट' म्हणतात, आणि नंतर तिला 'नव्या लाटेची आजी' म्हणू लागले. ही पदवी मिळाली तेव्हा तिने तिशीही ओलांडलेली नव्हती, यावर ती हसायची. हसण्यासारखंच होतं ते.

पायरी चौथी: वायर पोहोचेल तिथपर्यंत

पॅरिसच्या चौदाव्या विभागात दागेर गल्ली आहे. 1951 पासून वार्दा तिथे राहायची, मरेपर्यंत तिथेच राहिली. 1972 मध्ये मुलगा मातिअ झाला. लांब जाऊन चित्रपट करणं शक्य नव्हतं. तेव्हा तिने ठरवलं की घराबाहेर जायचंच नाही. शेजारच्या दुकानदारांवर वीजबिलाचा भार नको, म्हणून तिने आपल्या घरातल्या मीटरवरून वायर काढली. ती जिथपर्यंत पोहोचेल तिथपर्यंतच चित्रीकरण. पावाची भट्टी, खाटीक, शिंपी, अत्तरं विकणारं म्हातारं जोडपं. त्या वायरला ती नाळ म्हणायची.

हा 1975 चा 'दागेरिओतीप'. नावात पुन्हा कोटी आहे. दागेर हा छायाचित्रणाच्या आद्य शोधकांतला एक, गल्लीला नाव त्याचं, आणि 'तीप' म्हणजे नमुने, वल्ली. छायाचित्रकार बाईच्या नशिबी अशी गल्ली यावी!

अत्तरवाल्या म्हाताऱ्या बाई अधूनमधून हरवल्यासारख्या दाराशी जाऊन उभ्या राहतात. संध्याकाळी त्यांना बाहेर पडावंसं वाटतं पण त्या पडत नाहीत. कॅमेरा त्यांना काही विचारत नाही, नुसता थांबतो. दुकानात नाटक नाही, गिऱ्हाईक येतं, सुटे पैसे मोजले जातात, दार लागतं. अर्ध्या तासानंतर तुम्हाला त्या गल्लीतले भाव कळू लागतात.

नवीन शिकणाऱ्यांना एक काम सुचवतो, कारण हा लेख वाचणाऱ्यांतले काही स्वतः कॅमेरा हातात घेणारे असतील. चित्रपट बघून झाल्यावर आपल्या दारापासून पन्नास पावलं चाला आणि तेवढ्यात येणाऱ्या प्रत्येक दुकानातल्या माणसाला एकच प्रश्न विचारा. वार्दाने विचारलेल्या प्रश्नांतला एक: इथे कधी आलात? दुसरा: तुमची भेट कशी झाली? तिसरा थोडा आत शिरणारा: झोपेत स्वप्नं कसली पडतात? किराणावाला हसेल, पण सांगेल. मी आमच्या गल्लीत विचारलं तेव्हा इस्त्रीवाल्याने वीस मिनिटं उत्तर दिलं आणि माझा शर्ट जळता जळता वाचला.

पायरी पाचवी: निर्माती, आणि एक कडक चित्रपट

'तामारीस'ची पुढे 'सिने-तामारीस' झाली. दागेर गल्लीतच कचेरी. हे कंटाळवाणं वाटेल, पण वार्दाचं काम आज इतक्या चांगल्या प्रतीत बघायला मिळतं याचं मोठं कारण हेच आहे की त्यातल्या बहुतेक चित्रपटांचे हक्क तिच्याच कंपनीकडे राहिले. तिची मुलगी रोझाली आणि मुलगा मातिअ दोघंही ते काम बघतात. मुलगी आधी वेशभूषाकार होती, मुलगा नट. स्वतःच्या चित्रपटांचे हक्क हातून गेलेल्या दिग्दर्शकांची यादी कुठल्याही भाषेत लांबलचक निघेल. त्या यादीत ही बाई नाही.

आता 'सां त्वा नी ल्वा'. थंडीत दक्षिण फ्रान्समधल्या एका चरात एका तरुण मुलीचं गोठलेलं प्रेत सापडतं. मोना तिचं नाव. ज्यांना ज्यांना ती भेटली ते तिच्याबद्दल सांगतात, आणि प्रत्येक जण खरं तर स्वतःबद्दलच सांगतो. कोणाला तिची घाण वाटते, कोणाला हेवा. मोना आभार मानत नाही, आंघोळ करत नाही, तुम्हाला आवडावी अशी कुठलीही खटपट करत नाही. मोनाचं काम करणारी सांद्रीन बॉनेर तेव्हा 17 वर्षांची होती, तिला सेझार मिळाला. चित्रपटाला 1985 चा सुवर्णसिंह, म्हणजे व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार.

श्रेयनामावलीत वार्दाने 'लेखन' असं न म्हणता स्वतः घडवलेला शब्द वापरला: 'सिनेक्रितुर'. चित्र-लेखन म्हणूया. तिचं म्हणणं असं की पटकथा, जागेची निवड, कॅमेऱ्याची चाल, संकलनातला ठेका, आवाज हे सगळं मिळून लिहिणं होतं. ऐकायला हे फार मोठं वाटतं, म्हणून प्रत्यक्ष बघा. डझनभर शॉट असे आहेत की मोना उजवीकडून डावीकडे चालते आणि कॅमेरा रुळावरून तिच्याबरोबर सरकतो. आपल्या डोळ्यांना डावीकडून उजवीकडे वाचायची सवय, त्यामुळे ही चाल कुठेतरी उलटी, अडखळती वाटते. प्रत्येक शॉट तिला मागे टाकून एखाद्या वस्तूवर थांबतो, आणि पुढचा असा शॉट त्याच जातीच्या वस्तूपासून सुरू होतो, मधे दहा-दहा मिनिटं गेलेली असली तरी. पहिल्यांदा कोणाच्याच लक्षात येत नाही. दुसऱ्यांदा बघा आणि मोजा.

'ल बोनर' (1965) त्यानंतर बघावा. नाव 'सुख', रंग फुलांचे, संगीत मोत्झार्टचं आणि पोटात सुरी. सुखी सुतार, सुखी बायको, दोन गोड मुलं, आणि त्यात दुसरी बाई आली तरी सुखच. सुताराचं काम करणाऱ्या नटाची पडद्यावरची बायको-मुलं प्रत्यक्षातही त्याचीच होती. हा एकट्याने बघू नका. बघून झाल्यावर भांडायला कोणीतरी हवं.

चांदीचे केस, त्यांच्या टोकांना लाल रंग, वाटी उपडी ठेवून कापल्यासारखी ठेवण. त्या आज्जीबाईंच्या फोटोंवर भाळून आलेल्यांनी हे दोन चित्रपट चुकवू नयेत. या बाईने 1968 मध्ये अमेरिकेतल्या ओकलंडला जाऊन ब्लॅक पँथर्स या कृष्णवर्णीयांच्या लढाऊ संघटनेच्या सभांवर लघुपट केला. 1971 मध्ये, गर्भपात गुन्हा असताना, 'मी गर्भपात केला आहे' असं जाहीर करणाऱ्या 343 स्त्रियांच्या पत्रकावर सही केली. गोडव्याच्या आत बराच राग होता.

पायरी सहावी: जाकची गोष्ट

वार्दाचा नवरा जाक देमी स्वतः मोठा दिग्दर्शक, गाणाऱ्या-नाचणाऱ्या रंगीत चित्रपटांचा. तो आजारी पडला. लहानपणच्या आठवणी लिहू लागला. वार्दाने त्या घेतल्या आणि नांत शहरात, त्याच्या वडिलांच्या खऱ्याखुऱ्या गॅरेजमध्ये, त्याचं बालपण चित्रित केलं. अधूनमधून ती आजच्या देमीकडे येते आणि त्याचे केस, त्वचा, हातावरचे डाग इतक्या जवळून दाखवते की नकाशा वाटावा. ऑक्टोबर 1990 मध्ये तो गेला. 'जाको द नांत' 1991 मध्ये आला. त्याला एड्स होता हे तिने जाहीरपणे सांगितलं ते 2008 च्या 'ले प्लाज दान्येस'मध्ये.

पहिल्या पायरीवरचे सुरकुतलेले हात आठवा. नऊ वर्षं आधी नवऱ्याच्या हाताकडे ज्या नजरेने पाहिलं, त्याच नजरेने ती स्वतःच्या हाताकडे बघत होती. म्हणूनच मी हा चित्रपट आधी सांगितला नाही.

पायरी सातवी: बटाटे पुन्हा

घरी नेलेले बदामाकृती बटाटे तिने खाल्ले नाहीत. ते सुरकुतले, त्यांना कोंब फुटले. 2003 च्या व्हेनिस बिएनाले या कलाप्रदर्शनात तिने तीन पडद्यांवर ते जुनाट बटाटे दाखवले, खाली 700 किलो खरे बटाटे अंथरले आणि स्वतः बटाट्याचा पोशाख घालून उभी राहिली. वय 75. सिनेमातली म्हातारी दिग्दर्शिका, पण चित्र-शिल्पाच्या जगात तरुण कलावंत, असं ती स्वतःला म्हणवून घ्यायची.

मांडणशिल्पं इंटरनेटवर नीट कळत नाहीत. तरी एक कल्पना यावी म्हणून 'नुआरमूतिएच्या विधवा' सांगतो, नुआरमूतिए हे फ्रान्सचं एक बेट. मधे एक मोठा पडदा, भोवती चौदा छोटे. समोर चौदा खुर्च्या, प्रत्येकीला एक हेडफोन. ज्या खुर्चीवर बसाल त्या एकाच बाईचा आवाज ऐकू येतो. शेजारचा दुसरीचा ऐकत असतो. चौदांपैकी एक वार्दा, ती बोलत नाही. आणि 1966 चा 'ले क्रेआत्युर' सपशेल पडला होता, त्याच्या रिळांच्या पट्ट्या लावून तिने एक झोपडी उभारली: अपयशाची झोपडी. आत उभं राहिलं की फिल्ममधून ऊन झिरपतं. पडलेल्या चित्रपटाचा यापेक्षा चांगला उपयोग कोणी केला असेल तर मला कळवा. तो चित्रपट मात्र तूर्तास राहू द्या, 1995 चा 'शंभर आणि एक रात्री'सुद्धा.

शेवटची पायरी, जी लोक पहिली म्हणून सांगतात

'व्हिसाज व्हिलाज' (2017) सगळ्यांना आवडतो, तो कधीही बघा. जेआर हा तिशीतला कलावंत आणि जवळपास नव्वदीची वार्दा एका गाडीतून गावोगाव फिरतात, माणसांचे प्रचंड फोटो छापून भिंतींवर डकवतात. समुद्रकाठच्या कोसळलेल्या बंकरवर मोठ्या कष्टाने लावलेला एक फोटो रात्रीत भरतीने धुऊन नेला, तो प्रसंग विसरत नाही. यासाठी तिला ऑस्करचं नामांकन मिळालं, आणि नामांकितांच्या भोजनाला ती स्वतः न जाता जेआरने तिचे पुठ्ठ्याचे पुतळे नेले.

'वार्दा पार आन्येस' (2019) यात ती रंगमंचावर खुर्ची टाकून स्वतःच्या कामाबद्दल बोलते. फेब्रुवारीत तो बर्लिनला दाखवला गेला, 29 मार्चला ती गेली. बहुतेक याद्या नव्या प्रेक्षकाला हाच आधी बघायला सांगतात, कारण त्यात सगळ्याची ओळख आहे. माझं उलट मत आहे. ती यात उजवीकडून डावीकडच्या शॉटांचं गुपित फोडते, बटाटे दाखवते, झोपडीत बसते. हे सगळं आधी भेटलेलं असलं तर गप्पा होतात, नसलं तर तास घेतल्यासारखं वाटतं. शेवटी वाळूचं वादळ उठलेल्या किनाऱ्यावर ती आणि जेआर पाठमोरे बसलेत, वाळू इतकी उडते की हळूहळू दोघं पुसट होतात, आणि ती निरोप घेते. तिथे पोहोचेपर्यंत झाकणाचा नाच तुम्ही पाहिलेला असावा, एवढ्यासाठीच हा क्रम लावला.